खमैस रईसांचं रिकामं पाणी

४ ऑगस्ट

बोटीतून उतरले तर बाबा धक्क्यावर उभे. गुडघे दुखतात, येऊ नका, असं मी फोनवर बजावलं होतं. "तुला घ्यायला नाही आलो, बर्फ घ्यायला आलोय," म्हणाले. बर्फाची गाडी आलेलीच नव्हती. तय्यबकाकांच्या पिकअपमध्ये माझ्या पेट्या चढवताना बाबांनी एकेक पेटी हातात तोलून पाहिली आणि विचारलं, "एवढं सगळं समुद्र मोजायला?"

समुद्र मोजायलाच आलेय. एका कंपनीला बेटाच्या पश्चिमेला हॉटेल आणि नौकांसाठी धक्का बांधायचाय. आमचा समुद्र उथळ, माणूस दूरवर चालत गेला तरी पाणी छातीवर येत नाही, त्यामुळे मोठ्या नौकांसाठी तळ खणून वाट करावी लागणार. खणायच्या आधी कशाकशावर काय परिणाम होईल याचा अहवाल लागतो. तो लिहिणाऱ्या, पलीकडच्या किनाऱ्यावरच्या सफाक्स शहरातल्या कचेरीत मी नोकरीला आहे. मुराद साहेबांनी हे काम मला देताना म्हटलं, "तुझंच बेट आहे, लोक तुझ्याशी बोलतील." मी हो म्हणायला क्षणही लावला नाही. कचेरीच्या खर्चाने माहेरी जाण्यासारखंच होतं ते.

जेवताना बाबांनी परातीतले ऑक्टोपसचे तुकडे माझ्या बाजूला सरकवले आणि चौकशी सुरू केली.

"अहवालाचे पैसे कोण देतं?"

"कंपनी. नियमच तसा आहे."

"म्हणजे मुलाची चौकशी करायला माणूस पाठवायचा, आणि त्याची मजुरी मुलाच्या बापानं द्यायची."

"तपासायला राजधानीत सरकारी लोक बसलेत, बाबा. आणि शेवटी गावासमोर वाचून दाखवावा लागतो."

"मग लग्न मोडलेलं पाहिलंस कधी?"

खरं ते सांगितलं. मोडलेलं नाही पाहिलं. अटी बदललेल्या मात्र पाहिल्यात.

७ ऑगस्ट

अंगणात खजुराच्या झावळ्यांचा ढीग पडलाय. यंदाही आणल्या बाबांनी.

आमची शरफिया म्हणजे समुद्राच्या तळात झावळ्या रोवून केलेलं कुंपण. ओहोटीबरोबर परतणारे मासे त्याच्या कडेकडेनं जातात आणि टोकाच्या पिंजऱ्यात शिरतात. शेताला बांध असतात तसे इथे पाण्यालाही आहेत, आणि आमची पट्टी पणजोबांच्या आधीपासून आमची. पण बाबांचे गुडघे गेले, धाकटा भाऊ लुत्फी इटलीला ट्रॉलरवर गेला, आणि गेले तीन हंगाम तिथे एक झावळी रोवली गेलेली नाही. तरी दर उन्हाळ्यात बाबा झावळ्या आणतात. त्या वाळतात आणि हिवाळ्यात शेजारी खालाच्या भट्टीत जातात. खाला मन्नूबिया म्हणजे माझी मावशी. "खमैसच्या झावळ्यांवर भाकरी छान फुगते," असं ती त्यांच्या तोंडावर म्हणते.

यंदा लुत्फीसाठी मांडीपर्यंत येणारे नवे रबरी बूटही आणून ठेवलेत. लुत्फीचा पाय म्हणजे होडी. हे बूट त्याच्या अंगठ्यालाही पुरणार नाहीत.

"दुकानदारानं फसवलं तुम्हाला," मी म्हटलं.

"असेल," म्हणाले, आणि बूट परत कापडात गुंडाळले.

वाईट वाटलं. नुसत्या गाठीवरून दोरी कुणाची ते सांगणारा माणूस, आता बुटांचं माप चुकतो. आणि लुत्फीचा हेवाही वाटला, हे इथे लिहायला हरकत नाही. तो वर्षानुवर्षं येत नाही आणि त्याच्यासाठी बूट येतात. मी दर ईदला येते आणि माझ्यासाठी ऑक्टोपसचे तुकडे.

१२ ऑगस्ट

रोज ओहोटीला पाण्यात. समुद्रगवत कुठे दाट आहे, कुठे उपटलं गेलंय, गाळ किती, प्रवाह कुठे वळतो, सगळं नकाशावर. खणल्यावर काय बिघडलं हे सांगायचं तर आज काय धड आहे ते आधी लिहून ठेवावं लागतं. अहवालाचं हे प्रकरण मला सगळ्यांत आवडतं. त्यात कुणाची बाजू घ्यावी लागत नाही.

गवतात पाय ठेवला आणि तळव्यांना सगळं आठवलं. लहानपणी मी बाबांच्या होडीत असायची, पिंजऱ्याचं तोंड उघडायचं काम माझं. शाळेत पहिली आले आणि बाबांनी मला होडीतून उतरवलं. "ही शिकणार," असं सगळ्या धक्क्याला सांगितलं. लुत्फी नापास झाला म्हणून त्याला होडी मिळाली. इतकी वर्षं शहरात काढली, चांगली काढली, पण भरतीच्या वेळी अजून जाग येते मला. सफाक्सच्या माझ्या घरातून समुद्र दिसत नाही, फॉस्फेटच्या कारखान्याची भिंत दिसते.

एक अडचण आहे. उन्हाळ्यात मासळीला विश्रांती म्हणून शरफिया काढून ठेवतात, सप्टेंबर संपताना पुन्हा लागतात. त्यामुळे आत्ताच्या नकाशावर पाणी मोकळं दिसतंय. मुराद साहेबांना फोन केला की हिवाळ्यात पुन्हा पाहणी करू. "कंपनीला नोव्हेंबरमध्ये गावसभा घ्यायचीय, तेवढा वेळ नाही," म्हणाले. मग मीच तोडगा सुचवला. गेल्या हंगामात ज्याची शरफिया जिथे होती, ती त्या रईसाला, म्हणजे होडीच्या मालकाला, विचारून नकाशावर काढायची. साहेबांनी मान्य केलं. आज माझं मलाच कौतुक वाटतंय.

१९ ऑगस्ट

घरोघरी प्रश्नावली. लोक माझ्याशी बोलतात, अगदी साहेब म्हणाले तसं. बदामाचा चहा देतात, आईच्या आठवणी काढतात, आणि मासळी किती मिळते विचारलं की गप्प होतात. किती मिळते ते मोठ्यानं सांगायचं नाही, नजर लागते, ही इथली रीत मला काय नवीन आहे? तय्यबकाकांच्या पिकअपमधून दर हिवाळ्यात बोई मासे आणि ऑक्टोपस बोटीवर चढतात. ते मला म्हणाले, "पोरी, दोन-चार मासे. अल्लाची कृपा." मी लिहिलं, दोन-चार मासे. खाली टीप टाकली की आकडे कमी सांगितलेले असावेत. टीप कोण वाचतं ते मला ठाऊक आहे.

शेवटी आमच्याच घराचा नंबर आला. बाबा मुद्दाम टोपी घालून समोर बसले.

"शरफिया आहे का?"

"आहे."

"गेल्या हंगामात लावली होती?"

"नाही."

"त्याच्या आधी?"

"तुला माहीत नाही का?"

"मला विचारावंच लागतं, बाबा."

"मग लिही, जागा आहे. कुणी आलं की लागेल."

'कुणी आलं की' असा रकाना नाही. एक रकाना 'वापरात' आहे, दुसरा 'वापरात नाही'. दुसऱ्यात खूण केली आणि कागद बाबांपुढे सहीला ठेवला. त्यांनी न वाचता सही केली. माझ्या हातचा कागद वाचायची त्यांना गरज वाटत नाही.

२२ ऑगस्ट

उद्याची बोट. बाबांनी विचारलं, "पुन्हा कधी?" मी म्हटलं, गावसभेला. मान हलवली आणि झावळ्यांवर पाणी मारायला निघून गेले. वाळू नयेत म्हणून रोज मारतात.

९ सप्टेंबर, सफाक्स

कळून दोन दिवस झाले, आज लिहितेय. 

अहवालात पर्यायांचं एक प्रकरण असतं. एकच वाट दाखवून चालत नाही, तीन तरी दाखवाव्या लागतात, आणि सगळ्यांत कमी नुकसान करणारी निवडावी लागते. खणायच्या तीन वाटा होत्या. पहिली तय्यबकाकांच्या शरफियातून, दुसरी दाट गवतातून. तिसरीच्या आड ना कुणाची शरफिया, ना फारसं गवत. मी आखलेल्या नकाशात तिथे मोकळी जागा दिसते. दोन कुंपणांमधली लांब, सरळ, रिकामी पट्टी. कंपनीला ती इतकी आवडली की त्यांनी आमच्या कामाची स्तुती करणारा फोन केला.

ती आमची पट्टी आहे.

तय्यबकाकांचं कुंपण तिच्या अलीकडे थांबतं. शेजारी गेला म्हणून कुणी त्याच्या पाण्यात एक झावळी पुढे सरकवत नाही, तो परत येईपर्यंत जागा तशीच ठेवतात. हे बेटावर शेंबड्या पोरालाही कळतं. मीही ते पाहिलं, मोजलं, आणि 'वापरात नाही' असं लिहिलं. तय्यबकाकांची शरफिया नकाशावर यावी म्हणून मी तो तोडगा सुचवला नसता, तर ही वाट कदाचित तिकडून गेली असती.

साहेबांकडे गेले. ते वाईट माणूस नाहीत. दार लावून घेतलं, स्वतः कॉफी ओतली.

"साहेब, ती पट्टी सोडलेली नाही. राखलेली आहे."

"हे तू खमैस रईसांची मुलगी म्हणून सांगतेस की कचेरीची तज्ज्ञ म्हणून?"

"खरं म्हणून सांगते."

"वसीला, तू स्वतःच्या बापाच्या पाण्यापुरती खूण बदललीस असं एकदा निघालं, की तय्यबचीही खूण कुणी मानणार नाही. अख्खा अहवाल कचऱ्यात. तिथे काही लागलेलं असेल, कुणाचं पोट त्यावर असेल, तर त्यानं गावसभेत उभं राहून सांगावं. मग मला बदलावंच लागेल, आनंदानं बदलीन. पण तुला दोन्हीकडे बसता येणार नाही."

कॉफी गार झाली. त्यांचं म्हणणं मला पटलं, हेच मला सहन होत नाही.

११ सप्टेंबर

लुत्फीला फोन केला. सगळं सांगितलं. म्हटलं, महिनाभर ये, शरफिया लाव, सभेत उभा राहा, मग जा परत.

त्यानं सगळं ऐकून घेतलं. मागे कुठलं तरी यंत्र चालू होतं. मग म्हणाला, "ताई, मी दोन वर्षांपूर्वीच म्हटलं होतं बाबांना, येतो आणि लावून जातो. नको म्हणाले. जागा दिलीय म्हणाले."

"दिलीय? कुणाला?"

"मी विचारलं नाही. मला वाटलं तुला माहीत असेल." मग त्यानं विचारलं, "आपल्या समुद्रावर जाशील तेव्हा फोन लावून पाण्याकडे धरशील का? बोलू नकोस, नुसता धर."

धरीन म्हटलं. फोन ठेवल्यावर डोक्यात एकच घोळत राहिलं. जागा दिलीय. बाबांनी जागा दिली, आणि मला सांगितलंही नाही.

१४ सप्टेंबर, बेटावर

रजा टाकून आले. कुणाला दिली असेल, याचे तर्क करून डोकं पिकलं. तय्यबकाकांना? मग त्यांनी लावली का नाही? कंपनीला? नुसता विचार मनात आला तरी लाज वाटली. पण आला.

बाबांना सरळ विचारायची हिंमत होईना, म्हणून खालाकडे गेले. ती भट्टीच्या आतल्या कडेला भाकऱ्या थापत होती.

"खाला, बाबांनी पाणी कुणाला दिलंय?"

तिनं माझ्याकडे असं पाहिलं की भाकरी हातातच राहिली. "सफाक्सला शिकवतात तरी काय गं तुम्हाला?"

"लुत्फी म्हणाला, दिलंय."

"तुझा बाप मागणारा माणूस नाही. मीठ हवं असलं तर 'भाजी बरी झालीय' म्हणतो, आणि माझी बहीण बिचारी जन्मभर त्यावरून मीठ ओळखत राहिली. तुला एवढं मोजता येतं, तर जा आणि मोज."

हसली आणि मला गरम भाकरी देऊन हाकललं. नेहमीचंच तिचं, धड काही सांगायचं नाही. मी मात्र एवढं समजले की पाणी विकलेलं नाही. घरी येईपर्यंत रडू आलं, आणि का ते नीट सांगता येणार नाही.

१६ सप्टेंबर

आज बोलले. बाबा झावळ्यांचे बुडखे तासत बसले होते. वाट कुठून जाणार, नकाशा कुणी काढला, सगळं एका दमात सांगितलं. वाटलं होतं, चिडतील.

"रेघ तू काढलीस?" एवढंच विचारलं.

"पट्टी मी मोकळी दाखवली. रेघ त्यावरून निघाली."

"सरळ आहे?"

"हो."

"तुझा हात सरळच आहे. लहानपणीही कुंपण वाकडं झालं की तुला आधी दिसायचं."

मग पुन्हा बुडखे तासू लागले. मी समोर बसले.  मी आतून नुसती तुटत होते. एकदा तरी म्हणा, बाबा, एकदा तरी विचारा. पण विचारतील कसे? ज्या मुलीला शिकायला म्हणून होडीतून उतरवलं, तिला चिखलात उतर कसं म्हणतील?

"बाबा, लुत्फी येत नाही," मी म्हटलं. "मी उतरले तर चालेल?"

त्यांनी कोयता बाजूला ठेवला. "बोई यंदा लवकर येईल असं दिसतंय," म्हणाले.

हे हो आहे की नाही ते कळायला मला जरा वेळ लागला.

१८ सप्टेंबर

साहेबांना कळवलं की अहवालातून माझं नाव काढा आणि मलाही मोकळं करा. फोनवर ते म्हणाले, "चांगली मोजणारी बाई गेली माझी." मग जरा थांबून, "आता सभेत माझ्यावर ओरडशील." मी म्हटलं, ओरडणार नाही, नीट सांगेन. नोकरी गेल्याचं दुःख संध्याकाळपर्यंत झालं नाही. संध्याकाळी झालं.

२७ सप्टेंबर

हात उचलवत नाहीत. तरी लिहिते.

तय्यबकाका आणि त्यांचे दोघे भाऊ न बोलावता आले. शरफिया लागते तेव्हा शेजाऱ्यांनी यायचं असतंच. बाबा होडीत बसून एक डोळा मिटून मशिदीचा मिनार आणि जुनं खजुराचं झाड एका रेषेत धरत होते, आणि तिथून ओरडत होते, "डावीकडे. इतकं नाही. हां." मी तळात भोक पाडायची, झावळी रोवायची, पायानं चिखल दाबायची, की पुढची. तय्यबकाका म्हणाले, "रईस, या मुकादमाला मजुरी काय देता?" बाबा म्हणाले, "जेवण देतो. काम पाहून."

निघताना पायात काय घालावं कळेना, तेव्हा बाबांनी कापडातले ते बूट काढून दिले. मला अगदी बरोबर बसले. लुत्फीसाठी चुकून लहान आले ते एका परीनं बरंच झालं, पैसे वाया गेले नाहीत.

होडीत सगळे एका परातीत जेवलो. मग मी फोन लावून पाण्याकडे धरला. पलीकडून लुत्फी काही बोलला नाही, पण त्यानं फोन ठेवलाही नाही.

१५ ऑक्टोबर

पहिली मासळी. किती ते लिहीत नाही. अल्लाची कृपा.

७ नोव्हेंबर

गावसभा शाळेच्या मोठ्या खोलीत झाली. राजधानीहून अहवाल तपासणाऱ्या बाई आल्या होत्या, कंपनीची माणसं होती, आणि मुराद साहेबांनी पडद्यावर नकाशा दाखवला. माझाच नकाशा, माझं नाव काढलेला. ते मधल्या रिकाम्या पट्टीपर्यंत आले, चष्मा पुसला आणि म्हणाले, "पाहणीच्या वेळी ही जागा वापरात नव्हती. बदल झाला असल्यास संबंधितांनी सांगावं."

 आमच्या लोकांना आपलं काही आहे हे परक्यांपुढे सांगायची सवय नाही.

मी उठले. ओहोटीहून थेट आले होते, वेळच मिळाला नव्हता. सांगितलं की तिथे आमची शरफिया आहे, ती मी लावली आहे, आणि त्या पाण्यात काय मिळतं तेही सांगितलं, आकड्यासह, सगळ्यांसमोर. मागून खाला पुटपुटली, नजर उतरवायला हवी हिची. मग तय्यबकाका उठले आणि त्यांनी आपला खरा आकडा सांगितला. त्यांच्यामागून दुसरे, तिसरे. मुराद साहेब मान खाली घालून लिहीत राहिले.

राजधानीच्या बाई चांगल्या होत्या. त्यांनी जाहीर केलं की हिवाळ्याची पाहणी झाल्याशिवाय पुढचं काही होणार नाही, तिन्ही वाटा पुन्हा तपासाव्या लागतील. म्हणजे लग्न पुढे ढकललं गेलं. मोडेल की नाही, कुणी सांगावं.

मग त्या बाबांकडे वळल्या. "रईस, एक शंका आहे. शरफिया यंदा लागली, ठीक. पण त्याआधी तीन वर्षं तुम्ही जागा रिकामी ठेवलीत. मुलगा इटलीत आहे म्हणता. दुसऱ्या कुणाला कसायला दिली नाहीत. का?"

मला वाटलं, आता लुत्फीचं नाव घेतील. बाबा काठीवर जोर देऊन उठले. टोपी घातलेली होती, माझ्या प्रश्नावलीला घातली होती तीच.

"मुलगी शहरात कामाला होती," म्हणाले, आणि खाली बसले.

बाईंनी ते लिहून घेतलं आणि पुढचा प्रश्न दुसऱ्या कुणाला विचारला. मला तो ऐकू आला नाही. मी माझ्या पायांकडे पाहत होते. ओले बूट शाळेच्या फरशीवर पाणी सोडत होते, आणि ते माझ्या मापाचे होते.